अक्षरांच्या भिंतीतली सुतळी

ती भिंत उभी राहिली असती तर रांगेल त्सोनचेवच्या पदरात तीन गोष्टी पडणार होत्या. पहिली, दगडात कोरलेलं स्वतःचं नाव. दुसरी, शेजारच्या गांचोचं तोंड बंद होणं. गावच्या दगडी पाणवठ्यावर गांचोच्या आजोबांचं नाव कोरलेलं होतं, आणि गांचो रोज सकाळी बादली घेऊन निघताना कुंपणावरून मुद्दाम ओरडायचा, "आजोबांकडे जाऊन येतो रे!" तिसरी गोष्ट सगळ्यांत मोलाची. बायको सेव्दा त्याला पुन्हा कधी कोंबड्यांच्या खुराड्याची आठवण करून देऊ शकली नसती. ते खुराडं रांगेलने स्वतःच्या हातांनी बांधलं होतं, आणि पहिली कोंबडी आत शिरली त्याच सकाळी ते कोंबडीसकट खाली बसलं होतं.

तोट्याच्या रकान्यात काहीच नव्हतं. दगड खाणीचे, चुना गावकीचा, मेहनत गवंडी उस्ता त्सोलोची. रांगेलने फक्त अध्यक्ष असायचं होतं, आणि द्रेनाकच्या वाचनालयाचा अध्यक्ष तो होताच.

एप्रिलच्या त्या सकाळी सेव्दा त्याच्या ताटात चीज भरलेल्या बानित्साचा गरम तुकडा वाढत होती, तेवढ्यात वाचनालयाच्या आवारातून धडधडाट ऐकू आला. मग बराच वेळ काहीच नाही.

"दुसऱ्यांदा," सेव्दा म्हणाली.

"ट्रक उलटला असेल कोणाचा तरी."

"ट्रक उलटला की कुत्री भुंकतात. तू मनावर घेतलेलं काही पडलं ना, की तीसुद्धा भुंकायचा कंटाळा करतात."

रांगेल तुकडा तसाच टाकून उठला. मेमधल्या अक्षरांच्या सणाला सगळ्या देशांतले पाहुणे प्रेस्लावला येणार होते. आपली अक्षरं जिथे जिथे चालतात तिथले सगळे: सर्बियाचे, मंगोलियाचे, किर्गिझ, ओसेट, आणखी कोण कोण. त्यातली एक बस दुपारी द्रेनाकला वळवायचं रांगेलने खटपट करून जमवलं होतं. त्यांना दाखवायला ही भिंत. एकेका दगडावर एकेक अक्षर, सगळी वर्णमाला, आणि खाली कोपऱ्यात एका दगडावर, अगदी बारीक, म्हणजे वीतभर, रांगेलचं नाव.

आवारात उस्ता त्सोलो पडलेल्या अक्षरांवर बसून पाव आणि कांदा खात होता. हा म्हातारा पंचक्रोशीतला शेवटचा दगडगवंडी. इतकी वर्षं दगडाची भुकटी पोटात गेली होती की तो खोकला तरी चुना चाळल्यासारखा आवाज यायचा.

"पाया कच्चा ठेवलास उस्ता," रांगेल म्हणाला.

"पाया पक्का आहे. जमीन राजी नाही." उस्ताने सुरीच्या टोकाने मातीकडे दाखवलं. "हिला सावली पायजे."

"कसली सावली?"

"माणसाची. सुतळीने मापायची, टाच ते डोकं. सुतळी गुंडाळून दगडाखाली ठेवायची. मग भिंत हलत नाही. माझ्या बापाने पूल बांधला, त्यात आहे. वरच्या देवळात आहे. तुझ्या या वाचनालयात नाही, म्हणून छत गळतं."

"आणि ज्याची सावली मापली तो?"

"तो चाळिसाव्या दिवशी जातो," उस्ता कांदा चावत म्हणाला. "भिंतीची राखण करायला. मोठा मान असतो."

रांगेल शिकलेला माणूस होता. तो मोठ्याने हसला आणि संधी मिळालीच आहे म्हणून त्याने उस्ताला अक्षरांची कथा सांगितली. ही कथा त्याने पोस्टमनला, दंतवैद्याला आणि एकदा तर दुसऱ्याच गावच्या लग्नात वरमाईला सांगितली होती. या लिपीला नाव सिरिलचं, पण ही सिरिलने केलेली नाही. त्याने केली ती वेगळी, गाठीगाठींची. त्याचे चेले हाकलले गेले, डॅन्यूब उतरून इकडे आले, आणि जाणकार म्हणतात की इथेच, या प्रेस्लावच्या डोंगरांत, कोणीतरी ग्रीकांची अक्षरं घेतली, ग्रीकांच्या तोंडात नसलेल्या आवाजांसाठी जुन्या गाठींमधून चारदोन सोडवली, आणि ही सोपी लिपी बसवली.

"कोणीतरी म्हणजे कोण?" उस्ताने विचारलं.

"ते कोणाला नक्की ठाऊक नाही."

"म्हणजे ज्याने बांधलं त्याचं नाव नाही."

"नाव गुरूचं दिलं. आदर म्हणून."

"असं," उस्ता म्हणाला, आणि त्याने कोपऱ्यासाठी ठेवलेल्या कोऱ्या दगडावरची धूळ बाहीने पुसली.

रांगेल घरी गेला तो हसत. जेवताना त्याचं हसू थोडं कमी झालं. दोनदा पडलेली भिंत तिसऱ्यांदा पाहुण्यांसमोर पडली तर खुराड्याचा विषय मंगोलियापर्यंत जाणार होता. आणि समजा, नुसतं समजा, एक सुतळी दगडाखाली ठेवली तर कोणाचं काय जातं? अंधश्रद्धाच ती. खोटीच असेल तर कोणाचीही सावली चालेल. तेवढ्यात कुंपणापलीकडून आवाज आला, "आजोबांकडे जाऊन येतो रे!" आणि कोणाची, हा प्रश्नच उरला नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी रांगेल कॅमेरा घेऊन आवारात उभा राहिला आणि गांचोला हाक मारली. "ये, तुझा फोटो काढतो. भिंतीच्या कामाची आठवण म्हणून."

"माझा?" गांचोने बादली खाली ठेवली. "दहा वर्षं शेजारी राहतोय. तू माझ्या नातवाच्या नामकरणाचा फोटो काढलास, त्यात मला अर्धा कापलास."

"म्हणूनच म्हणतो, ये. अख्खा काढतो. टोपी काढ. नीट ताठ उभा राहा."

गांचो ताठ राहिला. उस्ता ठरल्याप्रमाणे सुतळी जमिनीवर अंथरत वाकला, जणू पायाची रेघ आखतोय. रांगेलने बटण दाबलं. उस्ताने सुतळीला गाठ मारली, कापली, आणि गांचो काही विचारायच्या आत एक दगड उचलून तिच्यावर ठेवला. रांगेलला उगाच थंडी वाजली. मग त्याला आठवलं की आपण शिकलेले आहोत.

भिंत चढू लागली आणि या वेळी ती खरंच हलेना. पाऊस झाला, हलली नाही. लाकडांची गाडी मागे येताना तिला धडकली, तर गाडीचाच दिवा फुटला. सेव्दा येऊन बोटाने ढकलून गेली. "खुराड्यावेळी ही अक्कल कुठे होती?" एवढंच म्हणाली, पण आवाजात आदर होता. उस्ताने कोपऱ्यातल्या दगडावर रांगेलचं नाव कोरायला घेतलं. सगळे रकाने भरत आले होते.

मग शुमेनहून फोटो धुऊन आले.

रांगेलने चष्मा लावला. गांचो अख्खा आला होता, हे खरं. पण सूर्य फोटो काढणाऱ्याच्या पाठीमागे होता. त्यामुळे गांचोची सावली त्याच्या मागे पडली होती, चित्रात दिसतही नव्हती. जमिनीवर जी लांबलचक काळी सावली गांचोच्या बुटांपर्यंत पोचली होती, कोपर वर उचललेली, तोंडाशी कॅमेरा धरलेली, ती रांगेलची होती. आणि तिच्यावर सुतळी घेऊन वाकला होता उस्ता त्सोलो.

तो तसाच धावत आवारात गेला. दुपारची वेळ. झाडाचं पान हलत नव्हतं. उस्ता अक्रोडाखाली खुर्ची टाकून बसला होता.

"उस्ता, तू कोणाची मापलीस?"

"जी समोर पडली होती ती."

"ती माझी होती!"

उस्ताने फोटो हातात घेतला, लांब धरून पाहिला, बराच वेळ पाहिला. "चांगला आलाय," म्हणाला. "कोणाची ते दगडाला कळलं असेल. आता बोलून काय?"

"सुतळी काढ!"

"काढतो. 'झिवेते'च्या खाली आहे. ते काढलं की वरची ओळ येईल, मग बाजूची. पाहुणे कधी येतायत?"

रांगेलने भिंतीकडे पाहिलं. जुन्या लोकांनी प्रत्येक अक्षराला नाव दिलं होतं, आणि सहा पाय पसरलेल्या किड्यासारख्या त्या अक्षराचं नाव होतं 'झिवेते', म्हणजे 'जगा!' ते त्याच्याकडे पाहत होतं. आणि मग त्याला ऐकू आलं. ठक. ठक. भिंतीच्या आतून, अगदी हळू, कोणीतरी आतल्या बाजूने छिन्नी चालवतंय असं.

"तो आवाज कसला?"

"ऊन लागलं की दगड बोलतो," उस्ता म्हणाला. "एक सांगू? सावली आत आणि नाव बाहेर, हे वाईट. कुलूप आणि किल्ली एकाच ठिकाणी. मग सुटका नाही."

"मग माझं नाव उडव! आत्ता!"

"दगड मोकळा दिसेल."

"तुला हवं ते कोर त्याच्यावर! कासव कोर, द्राक्षं कोर! फक्त माझं नाव नको!"

"म्हणतोस तर," उस्ता म्हणाला आणि उठून छिन्नी शोधू लागला. रांगेलने त्याला कोणाला न सांगण्याबद्दल जुन्या राकियाची, म्हणजे घरच्या फळांच्या दारूची, बाटली दिली. पुढच्या मोसमात आणखी दोन देईन म्हणाला. "पुढच्या मोसमाची माझ्या हिशोबात नको धरूस," उस्ता खोकत म्हणाला. "यंदाचीच दे दोन." रांगेलने दिल्या.

उस्ताने कोणाला सांगितलं नाही. रांगेल झोपेत बोलला, ते सेव्दाने ऐकलं, आणि सेव्दाने फक्त तिच्या बहिणीला सांगितलं. दुपारपर्यंत द्रेनाकमध्ये माहीत नसलेला एकच जीव उरला, तो म्हणजे पाद्रीबुवांची बहिरी मांजर.

रांगेलची पंचाईत अशी की त्याला आरडाओरडाही करता येईना. आरडाओरडा केला तर सुतळी मुळात कोणासाठी आणली होती ते सांगावं लागलं असतं.

गाव एकदम चांगलं वागू लागलं. त्याची भीती त्याला आवाजापेक्षा जास्त वाटली. बेकरीवाली त्याच्यासाठी पावाचा मधला, मऊ भाग राखून ठेवू लागली. कुत्री त्याला पाहून भुंकायची थांबली आणि बाजूला होऊन वाट देऊ लागली. विधवा बाया उकडलेल्या गव्हाच्या वाट्या घेऊन यायच्या, वर साखर आणि अक्रोड, मेलेल्याच्या नावाने वाटतात तशा. "चव घेऊन ठेव रे," म्हणायच्या, "नंतर तुला कुठे मिळायचे!" आणि मग खुर्ची जवळ ओढायच्या.

"रांगेल, आमचा दिमो भेटला तर सांग, ट्रॅक्टर विकला. रागावू नको म्हणावं, गिअर गेलाच होता."

"आणि आमच्या सासूबाईंना सांग, तांब्याचं घंगाळ त्यांनी लपवलं कुठे? सगळं परसदार खणून झालं."

"मी कुठेही चाललेलो नाही!" रांगेल ओरडायचा.

"नाही रे, नाही," त्या म्हणायच्या आणि डोळे पुसायच्या. "घंगाळ विसरू नकोस पण."

रोज बाराच्या सुमारास भिंतीतून ठकठक यायची. आता ती सगळ्यांनाच ऐकू येत होती. लोक रस्ता बदलून जायचे. उस्ता तेवढा अक्रोडाखाली राकिया पीत बसायचा आणि आवाजाच्या तालावर बोट हलवायचा. रांगेल रोज अंगणात उभा राहून आपली सावली पाहायचा. ती त्याला कडेने विरल्यासारखी वाटायची, पुष्कळ धुतलेल्या कपड्यासारखी. "सेव्दा, बघ, पातळ झालीय ना?"

"तूही झालायस. गहू खा."

सेव्दा व्यवहारी बाई. एक दिवस ती शुमेनला गेली आणि शोकपत्रकांचा गठ्ठा घेऊन आली. द्रेनाकमध्ये माणूस गेला की त्याचा फोटो असलेलं पत्रक दारावर, विजेच्या खांबांवर, झाडांवर लागतं आणि पावसाने फाटेपर्यंत राहतं. "आत्ताच का?" रांगेलने विचारलं. "सणाच्या आठवड्यात छापखाना बंद असतो," ती म्हणाली. "तारखेची जागा मोकळी ठेवलीय. फोटो बघ, कसा उमदा दिसतोस. जिवंतपणी असा कधी दिसला नाहीस." आणि मग ती स्वयंपाकघरात गेली आणि बराच वेळ नळ सोडून ठेवला. रांगेलला नळाखालून तिचं रडणं ऐकू आलं. तेव्हा त्याला पहिल्यांदा खरंच वाटलं की आपण मरणार.

सगळ्यांत वाईट गांचो. त्याने सकाळी ओरडणं सोडलं. एका संध्याकाळी तो बागेतली पिवळी फुलं घेऊन आला. रांगेलने मोजली. सम होती. सम फुलं फक्त मेलेल्याला देतात.

"गांचो, एक कमी कर रे."

"अरे हो, सवयीने आणली." गांचोने एक फूल काढून स्वतःच्या टोपीला लावलं आणि बाकावर बसला. "एक विचारू? तू माझा फोटो का काढायला निघाला होतास?"

रांगेल उरलेली फुलं पुन्हा मोजू लागला.

"मी झोपलो नाही रे चार रात्री," गांचो म्हणाला. "पहिल्या रात्री रागाने. मग वाटलं, मीच तुला रोज त्या पाणवठ्यावरून डिवचायचो. माणूस किती सहन करेल? आणि तुला सांगू? ते नाव आजोबांचं आहे, पण बांधला तो त्सोलोच्या बापाने. आजोबांनी फक्त फीत कापली."

रांगेलने गव्हाची एक वाटी त्याच्यापुढे सरकवली.

चाळिसावा दिवस नेमका सणाच्या दिवशी आला. शाळेच्या फाटकावर बोझुरीच्या लाल फुलांच्या माळा होत्या. बस आली. पाहुणे उतरले, वाजंत्री झाली, स्वागताचा पाव आणि मीठ झालं. पाहुण्यांत ओयून नावाची एक ठेंगणी, शांत मंगोल बाई होती. रशियनचे चार शब्द जोडून तिने सेव्दाला विचारलं, "हे गृहस्थ आजारी आहेत का? सगळे त्यांच्याकडे बघतायत." सेव्दाने आमच्याकडे करतात तशी 'हो' म्हणून मान आडवी हलवली. ओयूनला ते 'नाही' वाटलं. तिने हसून रांगेलचा हात हातात घेतला आणि भिंतीजवळ नेलं.

भिंत फडक्याने झाकलेली होती. सगळं गाव तिच्यासमोर उभं होतं, आणि एकही माणूस तिच्याकडे पाहत नव्हता. सगळे रांगेलकडे पाहत होते. पाद्रीबुवांनी बाहीत मेणबत्ती लपवली होती, ती दिसत होती. दोन धट्टेकट्टे पोरगे आपण होऊन त्याच्या मागे उभे राहिले, झेलायला. बाराचे ठोके पडू लागले. भिंतीतून ठकठक आली नाही. पहिल्यांदाच.

ठोके संपले. रांगेलने डोळे मिटले. मग एक उघडला. मग दुसरा. तो उभा होता. त्याला भूक लागली होती.

"बघा!" तो ओरडला. "अंधश्रद्धा! मी म्हणत नव्हतो?"

गाव जरा हिरमुसलं. घंगाळवाली उघड चिडली. कोणीतरी फडकं ओढलं. अक्षरं उन्हात उघडी पडली, आणि ओयून पुढे होऊन एकेक बोलू लागली, आनंदाने, जणू परक्या घरात आपल्याच घरातली भांडी सापडावीत. एका ठिकाणी ती म्हणाली, "इथे आमची दोन कमी आहेत," आणि सर्बियाचा पाहुणा म्हणाला, "आमचीही. आम्ही नंतर आमची आमची केली." सगळे हसले. मग ओयून खाली कोपऱ्यातल्या दगडापाशी वाकली. शब्द तिला कळत नव्हते, पण अक्षरं तिचीच होती. तिने लहान मुलीसारखं लावून लावून वाचलं:

"बांधणारा... त्सो-लो... द्रागिएव."

गाव वळलं. रांगेलही वळला. 'तुला हवं ते कोर' हे त्याचेच शब्द होते. सगळे अक्रोडाकडे पाहू लागले.

"ए उस्ता! अरे वा रे! ऊठ, बाईने तुझं नाव वाचलं! मंगोलियाच्या बाईने!" गांचो टाळ्या वाजवत गेला. उस्ता खुर्चीवर टोपी डोळ्यांवर ओढून बसला होता, ओठांवर हसू होतं, मांडीवर रिकामा पेला. गांचोने टोपी उचलली आणि मग ती हळूच परत ठेवली.

डॉक्टरांनी त्याला यंदाचे आलुबुखार दिसणार नाहीत असं हिवाळ्यातच सांगितलं होतं, हे त्याच्या मुलाने नंतर सांगितलं. चौघांनी त्याला खुर्चीसकट उचलून आवारातून उन्हात नेलं. रांगेल मागे चालत होता, मान खाली घालून. म्हणून त्याला दिसलं. जमिनीवर चार माणसांच्या चार आखूड सावल्या चालल्या होत्या, मधे खुर्चीची सावली होती, चार पाय, पाठ, सगळं. आणि सावलीतली खुर्ची रिकामी होती. त्याने वर पाहिलं. ओयूनही जमिनीकडेच पाहत होती.

उस्ताच्या शोकपत्रकासाठी फोटो शोधायची वेळ आली, तेव्हा कळलं की त्याचा अख्ख्या आयुष्यात एकच फोटो आहे. सेव्दाने तो भिंग लावून पाहिला आणि रांगेलला हाक मारली.

"अरे, सुतळी तुझ्या सावलीवर कुठे आहे? ती तर शेजारच्या त्या कुबड्या सावलीवर आहे. बघ. त्याच्या स्वतःच्या बुटापासून सुरू होते."

रांगेलने पाहिलं. इतके दिवस त्याने त्या फोटोत फक्त स्वतःलाच पाहिलं होतं.

तर शेवटी हिशोब असा जमला. उस्ता त्सोलोने दिली एक सावली, तीही मुदत संपत आलेली, आणि घेतली एक भिंत, एक नाव आणि तीन बाटल्या. गांचोने दिली काही फुलं, एक परत घेऊन. ओयूनने काही दिलं नाही, पण ती तिकडे आपल्या देशात कुठल्याशा माळावर बसून ते नाव मातीत लिहून अजून वाचू शकते. रांगेलने दिलं ते सगळं: राकिया, झोप, नाव, आणि बांधणाऱ्याचं नाव कोणाला ठाऊक नसतं ही त्याची आवडती कथा. ती आता गावात कोणी पुरी होऊ देत नाही.

भिंत उभी आहे. दुपारी बाराला ठकठक पुन्हा सुरू झाली आहे, आणि रांगेल त्या वेळेला रस्त्याच्या पलीकडून जातो, सावली पायांशी आवरून धरल्यासारखा. सेव्दाने त्याची पत्रकं कपाटात चादरींखाली नीट ठेवली आहेत. वाया काहीच गेलं नाही, असं ती म्हणते. फोटो छान आहे, मजकूर छान आहे, तारखेची जागा तेवढी मोकळी आहे.